दोघांना वगळून मिळणारा सन्मान

1951 साली अमेरिकेतील सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठाच्या फुटबॉल संघाने हंगामातले नऊच्या नऊ सामने जिंकले. तरीही वर्षअखेरच्या मानाच्या सामन्यात त्याला जागा मिळाली नाही. संघात ऑली मॅटसन आणि बर्ल टोलर हे दोन काळे खेळाडू होते. चळवळीतल्या प्रत्येकाने हा हंगाम माहीत करून घ्यावा. अन्याय ज्याच्यावर होतो त्याने लढायचे, हे ठरलेलेच आहे. पण त्याच्या शेजारी बसणाऱ्याने काय करायचे?

हा फुटबॉल आपल्या ओळखीचा नव्हे. लंबगोल चेंडू हातात घेऊन धावायचे आणि समोरच्यांनी अंगावर झेप घेऊन पाडायचे, असा तो धसमुसळा खेळ. महाविद्यालयीन हंगाम संपला की निवडक संघांना 'बाउल' सामन्यांचे निमंत्रण येई. त्यातून प्रतिष्ठा मिळे आणि विद्यापीठाला पैसाही मिळे. ऑरेंज, शुगर, गेटर हे बाउल दक्षिणेकडील मायामी, न्यू ऑर्लिन्स आणि जॅक्सनव्हिल या शहरांत होत. तिथे शाळेपासून बसपर्यंत काळ्या-गोऱ्यांची विभागणी कायद्यानेच केलेली होती. सामने भरवणाऱ्या समित्या खाजगी. कोणाला बोलवायचे ही त्यांची मर्जी!

संघातले खेळाडू पुढे आयुष्यभर सांगत राहिले की, निरोप आला होता. दोन काळ्यांना घरी ठेवा आणि या. संघाने नकार दिला. मतदानाची गरजही कोणाला वाटली नाही. बाउलवाल्यांच्या बाजूने कारण सांगितले गेले ते असे की, या संघाचे प्रतिस्पर्धी दुबळे होते. आता गुणवत्ताच पाहू. त्या वर्षी मॅटसनने चेंडू घेऊन 1,566 यार्ड धाव घेतली, ती देशात सर्वाधिक. त्याच्यासह जिनो मार्केटी आणि बॉब सेंट क्लेअर असे या एकाच संघातले तिघे पुढे व्यावसायिक फुटबॉलच्या सन्मान दालनात गेले. ज्या 1952 च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये आपल्या खाशाबा जाधवांनी कांस्यपदक जिंकले, तिथेच मॅटसनने अमेरिकेसाठी एक रौप्य आणि एक कांस्य मिळवले. देशाला पदक देणारे पाय मायामीच्या मैदानाला मात्र नको होते. गुणवत्तेचा जप कोण, केव्हा आणि कशासाठी करतो, हे आपल्याला नव्याने शिकण्याची गरज नाही.

'अट घातल्याचा लेखी पुरावा दाखवा', असे कोणी म्हणेल. न्यायालयात उभे राहणाऱ्या कोणालाही ठाऊक आहे की, भेदभाव करणारा सहसा कागद मागे ठेवत नाही. तो 'गुणवत्ता', 'परंपरा', 'सोय' असे शब्द मागे ठेवतो. आणि पुरावा असला म्हणजे तरी काय होते? त्याच हंगामात, 20 ऑक्टोबर 1951 रोजी, ओक्लाहोमात ड्रेक विद्यापीठाच्या जॉनी ब्राइट या काळ्या खेळाडूवर त्याच्याकडे चेंडू नसताना हल्ला झाला आणि त्याचा जबडा मोडला. एकामागून एक छायाचित्रे निघाली. ती काढणाऱ्यांना 1952 चे पुलित्झर पारितोषिक मिळाले. पण ज्या महासंघाखाली सामना झाला, त्याने कोणावरही कारवाई केली नाही. तेव्हा ड्रेक विद्यापीठच महासंघातून बाहेर पडले. यजमान विद्यापीठाने खेद व्यक्त केला तो 2005 साली!

कायद्याचे काय? अमेरिकेच्या घटनेची समानता सांगणारी चौदावी दुरुस्ती 1868 ची. पण 1883 मध्येच तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने ठरवले होते की, ही दुरुस्ती शासनाला बांधते, खाजगी व्यक्तींना नाही. नागरी हक्क कायदा यायला अजून तेरा वर्षे होती. म्हणजे मॅटसन आणि टोलर यांना दाद मागायला जागाच नव्हती. त्यांच्यामागे उभे होते ते फक्त त्यांचे सहकारी. त्यांच्या नकाराची किंमतही होती. विद्यापीठाचा फुटबॉल तोट्यात होता आणि बाउलच्या पैशाची आशा होती. हंगाम संपला आणि विद्यापीठाने संघच बंद केला. टोलर पुढे 1965 मध्ये राष्ट्रीय व्यावसायिक लीगचे पहिले काळे पंच झाले.

बाबासाहेब कोलंबियात शिकले होते. 1946 मध्ये त्यांनी काळ्यांचे नेते ड्यू बॉईस यांना पत्र लिहून दोन्ही समाजांच्या स्थितीतले साम्य नोंदवले होते. आपल्या घटनेचे कलम 17 शासनापुरते थांबत नाही, ते खाजगी माणसालाही बांधते. तरीही 25 नोव्हेंबर 1949 रोजी घटना समितीत त्यांनी बजावले की, बंधुता नसेल तर स्वातंत्र्य आणि समता राबवायला पोलीस शिपाई लागेल. सॅन फ्रान्सिस्कोच्या त्या संघाजवळ शिपाई नव्हता, कायदाही नव्हता. बंधुता होती, म्हणून ते उभे राहिले.

आपल्याकडे सहानुभूतीदारांची वाण नाही. जयंतीला हार घालणारे आणि व्यासपीठावर समतेचे गोडवे गाणारे पुष्कळ आहेत. त्यांना एवढेच विचारावे की, तुमच्या सोसायटीने, तुमच्या संस्थेने आमच्या माणसाला नाकारले, तेव्हा तुम्ही स्वतःचे काय सोडले?

आणि हाच प्रश्न आपल्यालाही आहे. सत्तेच्या पंगतीचे निमंत्रण आता आपल्यातल्या निवडकांनाही येते. पद मिळते, महामंडळ मिळते, तिकीट मिळते. अट जुनीच असते: मागच्यांना मागेच ठेवून या. त्या वेळी आपल्यातले किती जण नाही म्हणतात, यावर चळवळीचे भवितव्य ठरणार आहे.