जामिनावर संताप पुरे, खटला कधी संपणार ते विचारा!

शिरोळ-जयसिंगपूर भागात कार्यकर्ते भेटले की वकील म्हणून आम्हाला एक प्रश्न हमखास विचारला जातो : कॉ. गोविंद पानसरे यांच्या खुनातील आरोपींना जामीन मिळतोच कसा? संताप रास्त आहे. उत्तर मात्र कडू आहे.

16 फेब्रुवारी 2015 रोजी शाहू महाराजांच्या कोल्हापुरात पानसरे दाम्पत्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. 20 तारखेला पानसरे गेले. आरोपी सनातन संस्थेशी संबंधित असल्याचे तपास यंत्रणांनी सांगितले, संस्थेने आरोप नाकारले. खरेखोटे न्यायालयातच ठरायचे. पण दहा आरोपींवर दोषारोप निश्चित व्हायलाच जानेवारी 2023 उजाडला! 29 जानेवारी 2025 रोजी मुंबई उच्च न्यायालयाने सहा जणांना जामीन दिला. कारण, प्रदीर्घ तुरुंगवास आणि रखडलेला खटला.

त्याच महिन्यात, 8 तारखेला, त्याच न्यायालयाने एल्गार परिषद खटल्यातील सुधीर ढवळे व रोना विल्सन यांना जामीन दिला. 2018 पासून ते तुरुंगात होते, दोषारोपही निश्चित झाले नव्हते. कारण तेच! त्या खटल्यातले फादर स्टॅन स्वामी तर 5 जुलै 2021 रोजी जामिनाची वाट पाहतच वारले. ढवळेंच्या जामिनाचे स्वागत करणाऱ्या चळवळीला दुसऱ्या जामिनाला अन्याय म्हणता येईल काय? बाबासाहेबांच्या संविधानातील कलम 21 माणूस पाहून बदलत नाही.

जामीन म्हणजे निर्दोष सुटका नव्हे. विलंबाने मात्र खटलाच मरतो. डॉ. दाभोलकरांचा खून 20 ऑगस्ट 2013 चा, निकाल 10 मे 2024 चा. दोघांना जन्मठेप, तिघे निर्दोष, आणि तपास सूत्रधारापर्यंत पोहोचला नाही हे खुद्द न्यायालयाने नोंदवले. इतक्या वर्षांत साक्षीदार थकतात, काही मरतात. फायदा कोणाचा?

साक्षी सुरू झाल्या की सुनावणी रोज चालवावी, असे फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम 309 सांगत होते. आज तीच तरतूद नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 346 मध्ये आहे. 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापुरात उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच आहे, म्हणजे मुंबई लांब असल्याची सबबही संपली. रोज सुनावणी, साक्षीदारांना संरक्षण आणि सूत्रधारांचा शोध, या मागण्या घेऊन सरकारला जाब विचारा. दोन्ही खटल्यांसाठी रोज सुनावणी मागा. माणगाव परिषदेचा वारसा सांगणाऱ्या या भागाने स्मृतिदिनाला जमावेच, पण तारखेलाही न्यायालयात हजर राहावे.