सवलत मागा, पण चारचौघांत



सकाळी पावणेसातला पालेगावातल्या आमच्या सोसायटीच्या गेटवर नात शाळेच्या बसमध्ये चढते, म्हणजे खरे तर बसमधल्या मावशी तिला काखेत धरून वर ओढून घेतात. पायरी तिच्या गुडघ्याच्याही वर येते. राज्याच्या 2011च्या शालेय बस नियमांप्रमाणे पहिली पायरी जमिनीपासून 220 मिलिमीटरपेक्षा उंच नको. ड्रायव्हरला हे एकदा बोललो. तो म्हणाला, "काका, तेवढी खाली घेतली तर पहिल्याच स्पीडब्रेकरला घासून तुटेल." त्याचे खोटे नव्हते. आमच्याकडचे स्पीडब्रेकर ज्याने घातले, त्याने बस नावाची वस्तू पाहिलेलीच नसावी.

तेव्हा बसमालकांची प्रत्येक मागणी मला लबाडी वाटत नाही. जुलै 2025मध्ये शालेय बसमालकांनी ई-चलनांविरुद्ध संपाची हाक दिली होती. शाळेच्या दारात गाडी उभी केल्याशिवाय मुले उतरणार कशी? जागा आखून द्यायची नाही आणि थांबले की दंड, यात मी मालकांच्या बाजूने आहे. पण चलन माफ करणे वेगळे आणि गाडीतले साहित्य माफ करणे वेगळे. वेगनियंत्रक, अग्निशामक, संकटकालीन दार यांत मुदतवाढ द्या, जुन्या गाड्या वगळा, अशी बोलणी निघाली की माझी आणि त्यांची वाट वेगळी होते.

1 जुलै 2023च्या पहाटे समृद्धी महामार्गावर सिंदखेडराजाजवळ नागपूरहून पुण्याकडे निघालेली खासगी बस डाव्या अंगावर उलटली. दार खाली दबले, गाडीने पेट घेतला. 33 जणांपैकी 25 जण गेले. वाचलेल्यांतले काही जण काच फोडून बाहेर आले. संकटकालीन दार आणि काच फोडायची हातोडी वर्षानुवर्षे धूळ खातात, म्हणून मालकाला ती फुकटचा खर्च वाटतात. मात्र हा खर्च वाचवायची परवानगी देताना आत बसणाऱ्याला कोणी विचारत नाही.

मालक म्हणतात, खर्च वाढला की फी वाढणार आणि मुले रिक्षात कोंबली जाणार. हा मुद्दा हसण्यावारी नेण्यासारखा नाही. आमच्याच रस्त्यावर दप्तरे बाहेर लटकवलेल्या रिक्षा रोज दिसतात. मात्र त्यावर उपाय म्हणून बसला रिक्षाइतके उघडेबोडके करायचे का? करात सूट द्या, साहित्यावर अनुदान द्या. ट्रॅकिंग यंत्र आणि पॅनिक बटण घ्यायला लावता, तर ते दाबल्यावर दखल कोण घेते तेही मालकाला आणि पालकांना दाखवा. नाहीतर ते पासिंगपुरतेच उरते.

मोटार वाहन कायद्याच्या 110व्या कलमात अशा नियमांतून वाहने वगळण्याची सोय आहेच, केंद्रालाही आणि अटींसह राज्यालाही. माझा आक्षेप सवलतीला नाही, ती बंद दाराआड मिळण्याला आहे. संघटनेचे शिष्टमंडळ मंत्रालयात जाते, चहा होतो, 'सकारात्मक चर्चा' झाल्याची बातमी येते. अमेरिकेत व्यापारी ट्रक-बसच्या सुरक्षा नियमांतून सूट हवी असेल तर अर्ज सरकारी राजपत्रात छापून लोकांची मते मागवली जातात. नियमाइतकीच सुरक्षितता दुसऱ्या मार्गाने कशी साधणार, हे मागणाऱ्यानेच दाखवायचे. सूट मिळाली तरी एका वेळी फार तर 5 वर्षांची. तिथले सगळेच आपण घ्यावे असे नाही, पण एवढे घ्यायला काय हरकत आहे?

आमच्या पायरीचेच घ्या. मालकाने लेखी मागावे: मूळ पायरी उंच राहू द्या, बदल्यात थांब्यावर खाली उघडणारी घडीची जोडपायरी लावतो. परिवहन खात्याने तो अर्ज कल्याण आरटीओच्या फलकावर लावावा, शाळेच्या परिवहन समितीपुढे ठेवावा, पालकांना महिनाभर बोलू द्यावे आणि वर्षाने ती पायरी अजून उघडते का, ते पासिंगला पाहावे. असा अर्ज आला तर त्याच्या बाजूने पत्र लिहायला मी तयार आहे.

– एक आजोबा, पालेगाव, अंबरनाथ (पूर्व)