साठेखत, न्यायालय आणि काळाची किंमत

साठेखतावर सह्या झाल्या, इसाराची रक्कम हातोहात दिली, की व्यवहार पुरा झाला असे आपल्याकडील पगारदार माणूस मानतो. कायदा मात्र तसे मानीत नाही. मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ याच्या ५४ व्या कलमानुसार विक्रीचा करार हा केवळ करारच असतो. त्याने मालमत्तेत कोणताही हितसंबंध निर्माण होत नाही. मालकी मिळते ती रीतसर नोंदलेल्या खरेदीखताने. साठेखत आणि कुलमुखत्यारपत्र यांच्या जोरावर मालक होता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०११ साली पुन्हा एकदा बजावले. तेव्हा विकणाऱ्याने खरेदीखत करून देण्याचे नाकारले, तर जागाच हवी असलेल्या खरेदीदारापुढे एकच मार्ग उरतो. तो म्हणजे कराराची प्रत्यक्ष पूर्तता करून मागणारा दावा.

या दाव्यांचे नियमन करणाऱ्या १९६३ च्या कायद्यात अशी पूर्तता देणे न देणे हे न्यायालयाच्या विवेकाधीन होते. करार वैध आहे, एवढ्यावरून हुकूमनामा मिळेलच असे नव्हते. २०१८ च्या दुरुस्तीने हा विवेकाधिकार काढून घेतला. १ ऑक्टोबर २०१८ पासून अमलात आलेल्या या दुरुस्तीनुसार कायद्यातील अपवाद वगळता पूर्तता देणे न्यायालयावर बंधनकारक झाले. कागदावर हा बदल मोठा आहे. पण खरेदीदाराची खरी अडचण न्यायाधीशाच्या विवेकात होती, की न्यायालयातील कालहरणात?

मुंबईतील एका सदनिकेचे प्रकरण या दृष्टीने बोलके आहे. करार १९६६ सालचा, किंमत ६० हजार रुपये. सर्वोच्च न्यायालयाचा अंतिम निर्णय झाला २००२ साली. पूर्तता मंजूर झाली, पण मधल्या काळात भाव इतके वाढले होते की, खरेदीदाराने ४० लाख रुपये द्यावेत असे ठरले. न्यायालयाने दोन्ही पक्षांचा तोल सांभाळला, हे मान्य. तथापि छत्तीस वर्षांनी चाळीस लाख उभे करू शकणारे खरेदीदार किती असणार? शिक्षक वा कारकून अशा वेळी इसार परत घेऊन मुकाट्याने बाजूला होतो. विलंब हेच मग करार मोडणाऱ्याचे सर्वांत स्वस्त हत्यार ठरते.

याला दुसरी बाजूही आहे. मुदतीच्या कायद्यानुसार असा दावा ठरलेल्या तारखेपासून, तारीख ठरलेली नसल्यास नकार कळल्यापासून, तीन वर्षांत करता येतो. थोडासा इसार देऊन जागा अडकवून ठेवायची, आणि भाव चढले की न्यायालयात धाव घ्यायची, असे करणारेही आहेत. शहरातील जागांचे भाव झपाट्याने वाढत असताना तीन वर्षांची मुदत म्हणजे स्वस्थ बसण्याचा परवाना नव्हे, असा इशारा सर्वोच्च न्यायालयाने १९९७ साली दिला होता. आपण करार पाळण्यास प्रथमपासून तयार आणि राजी होतो, हे खरेदीदाराने सिद्ध करावे, ही अट आजही कायम आहे. आणि ती योग्यच आहे.

म्हणजे प्रामाणिक खरेदीदार आणि प्रामाणिक विक्रेता या दोघांचाही शत्रू एकच आहे, तो म्हणजे काळ. त्यावरचा उपाय कायद्याच्या बाहेर शोधण्याचे कारण नाही. याच दुरुस्तीने असे दावे प्रतिवादीवर समन्स बजावल्यापासून बारा महिन्यांत, आणि कारणे नोंदवून फार तर आणखी सहा महिन्यांत, निकाली काढावेत असे म्हटले आहे. खरेदीदारास उरलेली रक्कम न्यायालयात जमा करण्याचा आदेश देण्याचीही न्यायालयास मुभा आहे. दाव्याच्या आरंभीच असा आदेश दिला, रक्कम व्याजावर गुंतवली, आणि त्याच वेळी विक्रेत्यास ती जागा दुसऱ्यास विकण्यास मनाई केली, तर कोणाची तयारी खरी आणि कोणाची तोंडदेखली, हे वर्षानुवर्षे साक्षी न नोंदवताही बरेचसे उघड होईल. ज्याची रक्कम कर्जातून यायची आहे, त्याच्याकडून बँकेचे मंजुरीपत्र घेता येईल. कारण खरेदीखताशिवाय बँक सहसा पैसे हाती देत नाही.

अर्थात न्यायाधीशांच्या जागा रिकाम्या आणि तारखांवर तारखा चालू असतील, तर बारा महिन्यांचे कलम सदिच्छेपलीकडे जाणार नाही. विवेकाधिकार काढून घेण्यास एक दुरुस्ती पुरली; न्यायालयांना मनुष्यबळ पुरविण्यास मात्र शासनाला तिजोरी उघडावी लागते. ती उघडली जात नाही तोवर संसदेने दिलेला हा हक्क, ज्याला वाट पाहणे परवडते त्याच्याच उपयोगाचा राहील.