टेकडीवरील वनक्षेत्राचे फाटक पहाटे उघडण्याबाबत निवेदन

प्रति,
मा. वनपरिक्षेत्र अधिकारी

संदर्भ: आमची यापूर्वीची निवेदने (पोच मिळाली, उत्तर नाही)

महोदय,

टेकडीवर रोज फिरायला जाणारे आम्ही रहिवासी हे निवेदन पुन्हा सादर करीत आहोत. फाटकाला कुलूप लागले तेव्हा ‘वणव्याचे दिवस संपेपर्यंत’ असे सांगण्यात आले होते. त्यानंतर आख्खा पावसाळा होऊन गेला, कुलूप तिथेच आहे.

फाटक सकाळी नऊला उघडते. किल्ली एकाच वनमजुराकडे. तो लांबून येतो, एसटी चुकली की साडेनऊ. त्याला बोल लावण्यात अर्थ नाही. मार्चनंतर नऊ वाजता पाळंदीवरची माती तापलेली असते आणि उंदीरमारीच्या झाडांना तेव्हा सावलीपुरतीही पाने नसतात. म्हणून लोक तारेच्या कुंपणातल्या फटीतून वाकून आत जाऊ लागले. एका आजींची पोटरी तारेने फाटली, टाके पडले, धनुर्वाताचे इंजेक्शन घ्यावे लागले. हे कळवल्यावर आपल्या कार्यालयाने तातडीने एकच गोष्ट केली: ती फट बुजवली.

बायपास झालेले, मधुमेहाचे, गुडघ्यांचे रुग्ण आता हमरस्त्याच्या कडेने चालतात. ‘चालायचेच आहे तर रस्ता आहे की,’ असे मागील बैठकीत आम्हाला ऐकवले गेले. त्या रस्त्यावर पहाटे खडीचे डंपर धावतात. शिवाय दोन्ही चालणी शरीराला सारखी नसतात. जपानमध्ये १९८२ साली ‘शिनरिन-योकू’, म्हणजे वनस्नानाची कल्पना खुद्द तिथल्या वनखात्याने मांडली. पुढे तिथल्या प्रयोगांत तीच माणसे शहरात आणि जंगलात नेऊन तपासली, तेव्हा जंगलात त्यांचा रक्तदाब, नाडीचे ठोके आणि ताणाचे कॉर्टिसॉल कमी भरले. अमेरिकेत रॉजर उलरिच यांनी १९८४ मध्ये दाखवून दिले की, पित्ताशयाच्या शस्त्रक्रियेनंतर ज्यांना खिडकीतून झाडे दिसत होती ते भिंत दिसणाऱ्यांपेक्षा लवकर घरी गेले, वेदनाशामकेही त्यांना कमी लागली. आमचे डॉक्टर टेकडीवर जा म्हणतात, आपण नऊनंतर या म्हणता.

वणव्याची काळजी आम्हालाही आहे. गेल्या उन्हाळ्यात उत्तर उतारावर जाळ दिसला तेव्हा ओल्या फांद्या घेऊन आधी धावले ते फिरायला येणारेच, तेही कुंपण ओलांडून, कारण फाटक बंद होते.

दुचाकी व गुरे अडतील पण माणूस जाईल असे फिरते फाटक बसवून देऊ, असे आपल्या आधीच्या साहेबांनी जागेवर उभे राहून सांगितले होते. खांबांसाठी खड्डेही खणले. त्यात आज दारूच्या बाटल्या आहेत.

तरी फाटक पहाटे साडेपाचला उघडावे आणि फिरते फाटक बसेपर्यंत दुसरी किल्ली पायथ्याच्या रोपवाटिकेत ठेवावी. वरच्या तळ्याजवळचा कचरा उचलावा, मोडकी बाके दुरुस्त करावीत. ‘पाहतो’ हे उत्तर आमच्याकडे आधीच आहे. या वेळी तारीख घालून लेखी कळवावे, ही विनंती.

आपले विश्वासू,
टेकडीवर फिरायला येणारे नागरिक

सोबत: सह्यांची यादी, जुन्या निवेदनांच्या पोचपावत्या, खड्ड्यांची छायाचित्रे
प्रत: मा. उपवनसंरक्षक