प्रकाशाचा अभ्यासक

चित्रपट म्हणजे गोष्ट, हा आपल्याकडील समज इतका दृढ आहे की, त्याची मूळ सामग्री प्रकाश आहे याचा प्रेक्षकांना विसर पडतो. श्री. अरुण खोपकर यांनी तो विसर घालविण्यातच आपली कारकीर्द वेचली. मणि कौल यांच्या ‘आषाढ का एक दिन’मध्ये (१९७१) कालिदास साकारणाऱ्या या कलावंताने पुढे चित्रकार जहांगीर साबावाला यांच्यावर ‘कलर्स ऑफ अॅबसेन्स’ (१९९३) आणि मूळच्या गोमंतकीय घराण्यातील चार्ल्स कोरिया यांच्या वास्तुकलेवर ‘व्हॉल्यूम झीरो’ (२००८) हे अनुबोधपट निर्मिले. चित्र स्थिर, वास्तूही स्थिर. सरकता कॅमेरा त्यांना काळाची मिती देतो. हे सामर्थ्य केवळ या माध्यमाचे आहे.

खोपकरांच्या ‘चलत्-चित्रव्यूह’ला २०१५ चा साहित्य अकादेमी पुरस्कार लाभला. परंतु ग्रंथ वाचनालयात मिळतो; अनुबोधपटाला चित्रगृहाचे दार सहसा उघडत नाही. दरवर्षी आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरविणाऱ्या पणजीत, कोरियांनीच रचलेल्या कला अकादमीत, हे अनुबोधपट मराठी निवेदनासह वर्षभर का दाखवू नयेत? महोत्सवाची रोषणाई थोड्याच दिवसांत मालवते. पाहण्याची सवय मात्र बारमाही लावावी लागते.