पॉझिक्स, थ्रेड आणि ‘चालला म्हणजे झाले’ हे मत

पॉझिक्स हा ऑपरेटिंग सिस्टीम आणि तिच्यावर चालणारे प्रोग्रॅम यांच्यातला लेखी करार आहे. फाइल उघडताना, नवी प्रोसेस सुरू करताना, सिग्नल हाताळताना किंवा थ्रेड (एकाच प्रोसेसमध्ये तीच स्मृती वापरत समांतर चालणारा प्रवाह) निर्माण करताना सिस्टीमने काय द्यायचे आणि प्रोग्रॅम लिहिणाऱ्याने काय पाळायचे, हे त्यात कलमवार नोंदलेले असते. आयईईईने त्याचा पहिला भाग १९८८ साली प्रसिद्ध केला. थ्रेडविषयीचा भाग १९९५ साली आला आणि ताजी आवृत्ती २०२४ ची आहे. मॅकओएसने या मानकाचे रीतसर प्रमाणपत्र घेतले आहे, लिनक्स ते बहुतांशी पाळतो आणि अँड्रॉइडच्या पोटातही त्याचा मोठा हिस्सा आहे.

या मानकाच्या आधाराने सिस्टीम प्रोग्रॅमिंग शिकण्याला होणारा सर्वांत जुना विरोध अगदी साधा आहे: प्रोग्रॅम आपल्या मशीनवर चालला, उत्तर बरोबर आले, मग मानक कशाला वाचायचे? हे मत महाराष्ट्रात कसे रुजले ते समजून घेण्यासारखे आहे. इथली एक अख्खी पिढी सी भाषा १९८७ च्या टर्बो सीवर आणि नागपूरच्या यशवंत कानेटकरांच्या ‘लेट अस सी’वर शिकली. कानेटकरांच्या पुस्तकाने विदर्भातल्या मुलांची सीची भीती घालवली, ते ऋण मोठे आहे. अडचण टर्बो सीच्या खालच्या डॉसमध्ये होती. डॉसमध्ये एका वेळी एकच प्रोग्रॅम चाले, स्मृतीला संरक्षण नव्हते आणि थ्रेड ही गोष्टच नव्हती. पडदा पुसणारे ‘क्लिअरस्क्रीन’ आणि कळ दाबेपर्यंत थांबणारे ‘गेटसीएच’ ही फंक्शने सी भाषेची नाहीत, त्या कंपायलरची आहेत. तरी विद्यार्थ्याला ती भाषेचाच भाग वाटत. एकच मशीन, एकच कंपायलर, एका वेळी एकच प्रोग्रॅम असताना ‘चालतो’ आणि ‘बरोबर आहे’ यांतला फरक दिसण्याची सोयच नव्हती. परिस्थिती बदलली, सवय मात्र राहिली.

थ्रेड आले की या सवयीचा टिकाव लागत नाही. दोन थ्रेड एकच सामायिक गणक प्रत्येकी १० लाख वेळा एकाने वाढवतात, असा प्रोग्रॅम घ्यावा. अपेक्षित उत्तर २० लाख. गणक वाढवणे ही लिहिताना एक ओळ असली, तरी प्रोसेसरच्या दृष्टीने त्या तीन कृती असतात: जुनी किंमत स्मृतीतून उचलणे, तीत एक मिळवणे, नवी किंमत परत ठेवणे. दोन्ही थ्रेडनी एकच जुनी किंमत उचलली, तर दोन वाढींपैकी एक हरवते. म्हणून उत्तर २० लाखांपेक्षा कमी येते आणि दर वेळी वेगळे येते.

इथवर बरेच जण पोहोचतात. खरा धडा पुढे आहे. हाच प्रोग्रॅम कंपायलरला ऑप्टिमायझेशन करायला सांगून पुन्हा बांधला, तर उत्तर बहुतेक वेळा नेमके २० लाख येते! कारण कंपायलर लूप काढून टाकतो आणि १० लाख एकदाच मिळवतो. पहिल्या थ्रेडचे काम दुसरा सुरू होण्याआधीच आटोपते. चूक जिथल्या तिथेच आहे, फक्त दिसेनाशी झाली आहे. उत्तर पाहून प्रोग्रॅमची पारख करणारा विद्यार्थी नेमका इथे समाधानाने वही मिटतो. मानक वाचलेला विद्यार्थी मिटत नाही, कारण त्याला कलम ठाऊक असते: एक थ्रेड स्मृतीतल्या एखाद्या जागी बदल करत असेल, तर त्याच वेळी दुसऱ्याने ती जागा वाचायची नाही की बदलायची नाही, आणि हे सांभाळण्याची जबाबदारी प्रोग्रॅमची आहे. ती झटकली, तर २० लाख हे उत्तरही चुकीच्याच प्रोग्रॅमचे उत्तर ठरते.

ही जबाबदारी पार पाडण्याचे मुख्य साधन म्हणजे म्युटेक्स, एक प्रकारचे कुलूप. एकेरी लोहमार्गावर ज्या ड्रायव्हरच्या हाती टोकन असते त्याचीच गाडी पुढच्या टप्प्यात शिरते. म्युटेक्सही एका वेळी एकाच थ्रेडला आत सोडतो. तुलना मात्र इथवरच लागू पडते. म्युटेक्स आणखी एक काम करतो आणि तेच पुस्तकांतून निसटते. एका थ्रेडने कुलूप सोडण्यापूर्वी जे लिहिले, ते नंतर तेच कुलूप घेणाऱ्याला दिसेल, ही हमीही तो देतो. ही हमी किती मोलाची आहे ते प्रोसेसर बदलल्यावर कळते. एक थ्रेड आधी माहिती लिहितो आणि मग ‘तयार’ अशी खूण करतो. दुसरा ती खूण पाहून माहिती वाचतो. इंटेलच्या प्रोसेसरवर एका थ्रेडने केलेली लिखाणे इतरांना त्याच क्रमाने दिसतात, म्हणून कंपायलरने क्रम बदलला नाही तर हा प्रोग्रॅम निभावून जातो. मोबाइलमधल्या एआरएम प्रोसेसरवर खूण आधी आणि माहिती नंतर दिसू शकते. तेव्हा प्रयोगशाळेतल्या संगणकावर वर्षभर चाललेला प्रोग्रॅम विद्यार्थ्याच्या खिशातल्या फोनवर कोसळू शकतो, आणि यात दोष फोनचा नसतो.

दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे आणि तो अधिकारी माणसाने घेतला आहे. बर्कलीच्या एडवर्ड ली यांनी २००६ साली ‘द प्रॉब्लेम विथ थ्रेड्स’ या लेखात मांडले, की थ्रेडमुळे प्रोग्रॅमचे वर्तन इतके अनिश्चित होते की माणसाच्या बुद्धीला ते पेलत नाही. त्यांच्याच टॉलेमी प्रकल्पातला काही कोड तज्ज्ञांनी तपासला होता, त्याच्या कसून चाचण्या झाल्या होत्या. तरी तो चार वर्षांनी, २००४ मध्ये, डेडलॉकमध्ये, म्हणजे थ्रेड एकमेकांच्या कुलुपांची वाट पाहत राहण्यात, अडकला. यातले तथ्य मान्यच केले पाहिजे. जिथे निरोप पाठवून भागते तिथे सामायिक स्मृतीच्या वाटेला न जाणे शहाणपणाचे. पुण्याच्या सी-डॅकने १९९१ साली उभा केलेला परम ८००० असाच होता. त्यातले ट्रान्सप्युटर आपापली स्मृती बाळगत आणि एकमेकांना निरोप पाठवत. पण ली यांच्या दाखल्यातून ‘थ्रेड शिकूच नयेत’ हे निघत नाही. त्यातून निघते ते इतकेच, की चाचणी कितीही केली तरी ती युक्तिवादाची जागा घेऊ शकत नाही. कुलुपे कोणत्या क्रमाने घ्यायची हे आधी ठरवणे आणि तो क्रम मोडणे शक्य नाही हे कागदावर दाखवणे, हे काम चाचणी करत नाही. म्हणजे ली यांचा दाखला ‘चालला म्हणजे झाले’ या मताच्याच मुळावर येतो.

जावा किंवा पायथॉन येत असेल तर खालच्या थराशी काय देणे-घेणे, असेही विचारले जाते. लिनक्सवर पायथॉनचे थ्रेड खाली पॉझिक्सचेच थ्रेड असतात आणि खालचे नियम वरच्याला सुटत नाहीत. चालू प्रोसेसची प्रत काढून नवी प्रोसेस निर्माण करणाऱ्या ‘फोर्क’चे उदाहरण घ्यावे. अनेक थ्रेड असलेल्या प्रोसेसने फोर्क केला, तर नव्या प्रोसेसमध्ये फक्त फोर्क करणारा थ्रेड येतो. बाकीचे येत नाहीत, पण त्यांनी लावलेली कुलुपे मात्र लागलेल्याच अवस्थेत येतात आणि ती उघडणारा कोणी उरत नाही. म्हणून अशा नव्या प्रोसेसने ‘एक्झेक’ करून दुसरा प्रोग्रॅम सुरू करेपर्यंत सिग्नल हाताळतानाही सुरक्षित असणारी मोजकीच फंक्शने वापरावीत, असे मानक सांगते. या अडचणीपायी पायथॉनच्या मल्टिप्रोसेसिंगला मूळ पद्धत म्हणून फोर्क सोडावा लागला, मॅकओएसवर ३.८ या आवृत्तीत, लिनक्सवर ३.१४ मध्ये. हे कलम ज्याला माहीत नाही, त्याला अधूनमधून गोठणारा पायथॉन प्रोग्रॅम वर्षानुवर्षे कोडेच वाटतो.

शेवटचा आक्षेप गावाचा. पुलगावला लागून असलेल्या नाचणगावसारख्या ठिकाणी हे कुठे शिकता येणार, त्याला पुणे-बंगळूर हवे, इंग्रजी हवे, महागडे मशीन हवे, असे घरातली मोठी माणसेही म्हणतात. सेवाग्रामला किंवा नागपूरला अभियांत्रिकीसाठी जाणारी मुलेही तेच मनात धरून बसतात. हा समज खोडून काढायलाच हवा. परम ८००० घडवणाऱ्यांचे नेतृत्व करणारे विजय भटकर अकोला जिल्ह्यातल्या मुरंबा या खेड्यातले. तो काळ साधनांच्या दुष्काळाचा होता, आज तो दुष्काळ नाही. मानकाचा मजकूर वाचायला विनामूल्य आहे. जीसीसी फुकट आहे आणि लिनक्स जुन्या लॅपटॉपवरही बसतो. लॅपटॉप नसेल तर अँड्रॉइड फोनवर टर्मक्स हे अ‍ॅप घालून क्लँग कंपायलर मिळतो आणि वर सांगितलेला गणकाचा प्रयोग फोनवरच होतो. लिनक्स आणि सीचे प्राथमिक धडे मुंबई आयआयटीच्या स्पोकन ट्युटोरियलमध्ये मराठीतून आहेत. त्यापुढे इंग्रजी लागते हे खरे. पण मॅन पानांचे, म्हणजे लिनक्समधल्या माहितीपानांचे, इंग्रजी ठरावीक साच्याचे असते आणि ते दहावी झालेल्या मुलालाही सरावाने वाचता येते.

शिकण्याचा क्रम मात्र धरून ठेवावा लागतो. आधी फाइल आणि प्रोसेस: ओपन, रीड, राइट, फोर्क, एक्झेक, वेट. अशा प्रत्येक कॉलचे परत आलेले मूल्य तपासायची सवय इथेच लागते. एरवी चूक झाल्यास तिचा क्रमांक ‘एररनो’मध्ये सापडतो, पीथ्रेडची फंक्शने तो थेट परत करतात, हा फरक पाठ नसेल तर चुका गिळल्या जातात. एसट्रेस चालवून आपला प्रोग्रॅम कर्नलशी काय बोलतो ते पाहावे. मग सिग्नल, आणि त्यानंतरच थ्रेड. म्युटेक्सनंतर अट पूर्ण होईपर्यंत थ्रेडला थांबवणारे कंडिशन व्हेरिएबल. तिथे थांबण्याआधीची अट ‘इफ’ने तपासून चालत नाही, ‘व्हाइल’नेच तपासावी लागते, कारण कोणी न उठवताही थ्रेड जागा होऊ शकतो, अशी मुभा मानकाने सिस्टीमला दिलेली आहे. लॅपटॉपवरच्या लिनक्समध्ये थ्रेडसॅनिटायझर लावून तोच गणकाचा प्रोग्रॅम पुन्हा चालवला, तर उत्तर बरोबर आले तरी कोणत्या ओळींमध्ये दोन थ्रेडची टक्कर झाली ते तो दाखवतो. फोनवर शिकणाऱ्याने एक लक्षात ठेवावे: थ्रेड मध्येच रद्द करणारे ‘पीथ्रेड कॅन्सल’ अँड्रॉइडच्या सी लायब्ररीत नाही. म्हणून थ्रेडला थांबायला सांगण्यासाठी म्युटेक्सने राखलेली खूण आणि कंडिशन व्हेरिएबल वापरावे, आणि तसे लिहिलेला प्रोग्रॅम लिनक्स व मॅकओएसवरही बदल न करता बांधता येतो.