मेकिंग कुणासाठी?

दादासाहेब फाळक्यांनी १९१७ च्या सुमारास ‘चित्रपट कसे तयार करतात’ नावाचा छोटा चित्रपट केला. त्याचा जो भाग उरला आहे, त्यात ते स्वतः नटांना सूचना देताना आणि फिल्म तपासताना दिसतात. त्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ येऊन जेमतेम चार वर्षे झाली होती. हा धंदा इथे रांगत असतानाच त्याची कृती लोकांसमोर मांडावी, असे त्यांना वाटले. मात्र त्यांच्या पत्नी सरस्वतीबाईंनी कच्च्या फिल्मला छिद्रे पाडली, उन्हात पांढऱ्या चादरी धरून प्रकाश परतवला आणि साऱ्या मंडळींचा स्वयंपाकही सांभाळला, हे आपल्याला मुख्यतः आठवणींतूनच कळते.

आज सेटवर प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे. त्यात टिपले जाते काय? मुहूर्ताचा नारळ, वाढदिवसाचा केक, कलाकारांची थट्टामस्करी. प्रसिद्धीला ते लागते, त्याबद्दल तक्रार नाही. पण कामाची नोंद तेवढ्याने होत नाही.

कोपरगावचेच घ्या. गळीत हंगामात उसाच्या फडात शूटिंग लावले, की काल नटामागे उभा असलेला ऊस आज कारखान्याच्या गव्हाणीत पोचलेला असतो. गोदाकाठी सीन असेल आणि वर नांदूर मध्यमेश्वर बंधाऱ्यातून विसर्ग वाढला, तर कालची जागा पाण्याखाली जाते. मग सहायक दिग्दर्शक, कला विभाग आणि लाइटमन उभ्याउभ्या तोड काढतात. कॅमेरा कुठल्या बाजूला फिरवला, शेतकऱ्याने चार सऱ्या राखायला कशी संमती दिली, ट्रॅक्टरचा आवाज कसा चुकवला, हे पुढच्या युनिटला सोन्याच्या मोलाचे आहे. आणि नेमके हेच शूटिंगच्या व्हॉट्सअॅप ग्रुपमध्ये पडून राहते. फोन बदलला की गेले.

म्हणून अगदी लहान बजेटच्या निर्मात्यालाही आमचा आग्रह आहे: अशा नोंदी ठेवण्यासाठी एक माणूस नेमा आणि त्याच्यावर दुसरे काम टाकू नका. कॉल शीट, कंटिन्युइटीचे फोटो, लोकेशनचे कच्चे नकाशे त्याच्याकडे जमा होऊ द्या. प्रत्येक फाइलवर तारीख, जागा आणि त्यात दिसणाऱ्या माणसाचे नाव व काम असावे. जनरेटरवाला, स्पॉटबॉय आणि जेवणवालाही त्यात आले. टिपण्याआधी त्यांना विचारा. रात्रपाळीनंतर केबलवर डोके टेकून झोपलेला लाइटमन ही रीलची सामग्री नव्हे.

आणि प्रती दोन ठिकाणी ठेवा. २००३ च्या जानेवारीत पुण्यात नायट्रेट फिल्मच्या साठ्याला आग लागली आणि जुन्या चित्रपटांचा ठेवा जळाला. हार्ड डिस्क बंद पडते तेव्हा धूरसुद्धा दिसत नाही.

अशा नोंदींसाठी या मासिकात दर महिन्याला दोन पाने राखून ठेवत आहोत. मोठ्या नावांची अट नाही. लघुपटाची एका दिवसाची कॉल शीट आणि त्या दिवशी प्रत्यक्षात काय घडले याचा खरा वृत्तान्त एवढे पाठवलेत तरी छापू.